पडद्याखालचे पाय

ते साल एकोणीसशे चौऱ्याऐंशी. पक्कं लक्षात आहे, कारण त्याच वर्षी मी बर्फ किसायचं हाताचं यंत्र मोडीत काढून विजेचं घेतलं होतं. उत्सवाच्या संध्याकाळी देवळासमोर उभं राहायला जागा नव्हती, आणि तरी पहिल्या अर्ध्या तासानंतर माझ्या त्या नव्या यंत्रातून एक वाटी बर्फ निघाला नाही.

आमचं गाव ताइनानच्या उत्तरेला, समुद्राकाठी, मिठागरांच्या पट्ट्यात. लग्न होऊन मी इथे आले ती माझी थोरली बहीण बोंग-यो आधीच इथे दिलेली होती म्हणून. तिचा नवरा आ-लाय मिठागरात कामाला. कमी बोलणारा, उन्हाने रापलेला, चालताना खाली बघणारा माणूस. मी भावजी म्हणून चेष्टा केली की कानाच्या पाळ्या लाल व्हायच्या, तेवढंच उत्तर. त्यांना दोन मुलं, थोरला खिम आणि धाकटी थो.

खिम शाळा सोडून उघड्यावरच्या सिनेमावाल्याकडे लागला. आमच्याकडे नवस फेडायला देवासमोर सिनेमा लावतात. मुलगा झाला, बोट सुखरूप परतली, पोरगी आजारातून उठली, की लोक सिनेमावाल्याला बोलावतात. देवळाच्या दरवाजासमोर, पटांगणाच्या दुसऱ्या टोकाला पडदा ताणायचा, म्हणजे देवाला गाभाऱ्यातून दिसतं. माणसं आली तर आली. पाऊस पडून पटांगण रिकामं झालं तरी यंत्र चालूच ठेवायचं, कारण प्रेक्षक देव असतो. एकदा सुरू केलेला सिनेमा मध्येच थांबवला तर तो देवासमोरचं ताट ओढून घेतल्यासारखा अपमान. खिमने हे सगळं अंगात मुरवलं होतं. भर पावसात यंत्रावर छत्री धरून एकटा उभा राहिलेला मी त्याला पाहिला आहे.

थो त्याच्याबरोबर लहानपणापासून फिरायची. विजेरी धरायची, फीत तुटली की चिकटवून द्यायची. पुढे ती तैपेईला गेली, टीव्हीवाल्यांकडे चित्रफिती कापून जोडण्याच्या कामाला लागली, आणि एका नववर्षाला घरी आली ती भाड्याचा कॅमेरा घेऊनच.

"आ-हिआ, तू चित्रं घे, बाकी मी बघते," तिने भावाला सांगितलं.

"बाकी म्हणजे काय काय?"

"बाकी सगळं."

"म्हणजे उन्हात उभा मी, आणि नाव तुझं."

"नाव दोघांचं. तुझं आधी, तू म्हातारा म्हणून."

असं त्यांचं चालायचं. दोघं भांडल्याशिवाय एक बादली हलवत नसत, पण खिमने कॅमेरा कुठे ठेवावा हे थोला बोलावं लागत नसे, आणि थोने मान जराशी हलवली की खिम यंत्र बंद करी. असे दोन हिवाळे त्यांनी बापाच्या मागे घालवले. आ-लाय मीठ ओढताना, आ-लाय पेज पिताना, आ-लाय पायांच्या भेगांना तेल लावताना. गाव हसायचं. "तुझ्या बापाला कोण बघणार गं? आम्ही फुकट बघतो रोज!" बाया म्हणायच्या. थोही हसायची. आ-लायला सुरुवातीला लाज वाटायची, मग सवय झाली.

आता पुढचं मी मागाहून कळलेलं सांगते आहे, पण आधी सांगितलं नाही तर बाकीचं समजणार नाही.

आ-लायला एक थोरला भाऊ होता, आ-ग्वान. मी या गावात आले तेव्हा तो नव्हता. काउश्युंगला जहाजं तोडायच्या कामाला गेला, तिकडेच रमला, असं सांगायचे. कधी पत्र नाही, कधी सणाला येणं नाही, पण असे परागंदा झालेले पुरुष प्रत्येक गावात असतात. मी कधी दुसऱ्यांदा विचारलं नाही.

मिठागराच्या टोकाला, खाजणाकडे, आ-लायची अवजारांची एक झोपडी होती. तिच्यात तो कधी पाऊल टाकायचा नाही. फावडी दाराबाहेर टेकवून ठेवायचा. एका संध्याकाळी त्या झोपडीच्या उंबऱ्यावर बसलेलं त्याचं चित्र खिम घेत होता, आणि थोने सहज विचारलं, "आ-पा, तुम्ही आत का जात नाही?"

आणि तो बोलायला लागला. आ-ग्वानचा पाय काळा पडला होता. आधी बोटं, मग पंजा. त्या काळात आमच्या पट्ट्यात कितीतरी जणांचे पडले. विहिरीच्या पाण्यातल्या विषाने होतं हे डॉक्टर पुढे सांगू लागले, तेव्हा कोणाला माहीत नव्हतं. लोक म्हणायचे शाप आहे, लोक म्हणायचे एकाचा दुसऱ्याला लागतो. ज्या घरात असा पाय त्या घरात कोणी पोरगी देत नसे. आ-लायचं लग्न ठरलेलं होतं, माझ्या बहिणीशी. म्हणून त्याने भावाला त्या झोपडीत नेऊन ठेवला आणि गावाला सांगितलं, काउश्युंगला गेला. वास समुद्राच्या वाऱ्यावर जायचा. आ-ग्वान दुखण्याने ओरडायचा तेव्हा आ-लाय तोंडात कोंबायला टॉवेल द्यायचा. लग्नानंतर बोंग-यो रोज कोळंबीच्या टोपलीखाली पेजेचं भांडं लपवून नेऊ लागली. तो हिवाळ्यात गेला. आ-लायने त्याला झोपडीमागे पुरलं. गावासाठी तो जिवंतच होता, म्हणून त्याच्या नावाने उघडपणे एक उदबत्तीही लावता आली नाही. पूर्वजांच्या पाटीवर त्याचं नाव नाही. तीस वर्षं व्हायला आली होती.

हे सगळं तो पोरांसमोर पहिल्यांदाच बोलला. शेवटी म्हणाला, "आता बंद कर." थोने मान हलवायला उशीर केला. त्यामुळे त्यानंतरचं त्याचं रडणंही फितीवर आलं.

मग डोळे पुसून तो म्हणाला, "तिकडे तैपेईत दाखवा पाहिजे तर. तिकडे मला कोण ओळखतं? इथे नको."

"इथे येणारच नाही, आ-पा," थो म्हणाली. "इथे कोणाला दाखवणार?"

त्या सिनेमाला तैपेईत बक्षीस मिळालं. वर्तमानपत्रात दोघांचा फोटो आला. खिमचे केस उडालेले, थोचे डोळे मिटलेले. बोंग-योने ते कात्रण काचेत घालून लावलं. सिनेमात काय आहे हे तिने विचारलं नव्हतं. बापाचं मीठ आहे, एवढंच तिला माहीत. तिथल्या लोकांना आमची बोली येत नाही, त्यांनी खाली लिहिलेली अक्षरं वाचली होती. थो मला म्हणाली होती, "मावशी, लोक वाचता वाचता रडत होते."

बोंग-योने मुलांसाठी नवस बोलला होता. पोरांना यश दिलंस तर तुला सिनेमा दाखवीन. तिच्या मनात एखादा मारामारीचा सिनेमा होता, आमच्या देवाला, ओंग-याला, तलवारी आवडतात असं मानतात. ती देवळात सिनेमावाल्याची तारीख ठरवायला गेली तेव्हा देवळाचे मुख्य पंच तिंग-पेह तिथेच बसले होते. मोठ्या आवाजाचा, मोठ्या पोटाचा माणूस. वर्षातून दोनदा तरी माझ्याकडचा बर्फ उधार खाऊन "देव देईल" म्हणणारा.

"बोंग-यो! घरात स्वयंपाकी असताना बाहेरून जेवण मागवतेस?" ते ओरडले. "तुझ्या पोरांना तैपेईवाल्यांनी बक्षीस दिलंय. आमच्या देवाने काय घोडं मारलंय? तोच सिनेमा लाव!"

उत्सवाची तयारी चालू होती, अर्धं गाव देवळात होतं. सगळ्यांनी माना डोलावल्या. मी केळीच्या पानांची टोपली घेऊन दारात उभी होते. बोंग-योने कौतुकाने पोरांकडे बघितलं. खिमने थोकडे बघितलं.

थोने तेव्हा "नाही" म्हणायला हवं होतं. सिनेमा बरा नाही, फीत खराब झाली, यंत्र बिघडलंय, काहीही. पण नाही म्हटलं की का ते सांगावं लागलं असतं, आणि सगळं गाव बघत होतं. ती हसून म्हणाली, "देवालाच विचारा ना. त्याला बघायचा असेल तर."

आमच्या देवाचा कौल म्हणजे चंद्रकोरीसारखे दोन लाकडी तुकडे. एक उताणा, एक पालथा पडला की देवाचा होकार. अशा मोठ्या गोष्टीला तीन होकार लागोपाठ लागतात. लागोपाठ तीन येतात तरी कधी? खिमने नंतर मला सांगितलं, तोही मनात म्हणाला होता, सुटलो.

तिंग-पेहनी तुकडे कपाळाला लावले आणि टाकले. एक उताणा, एक पालथा. लोक हसले. दुसऱ्यांदा तेच. आता कोणी हसत नव्हतं. तिसऱ्यांदा एक उताणा पडला, दुसरा उभा राहिल्यासारखा गरगर फिरला, सगळे वाकले, आणि तो पालथा पडला.

"बघायचाय देवाला!" तिंग-पेह गरजले, आणि कोणीतरी फटाक्यांची माळ लावली.

मी थोच्या अगदी समोर होते. तिसऱ्यांदा होकार पडला तेव्हा ती हसली. पोरीला आपला सिनेमा गावाने बघावा असं वाटलं, त्या एका क्षणाला, आणि ते तिच्या चेहऱ्यावर उमटलं. लगेच पुसलंही गेलं. पण मोठ्या उदबत्तीपात्राच्या पलीकडे, धुरात, आ-लाय उभा होता. मिठागरातून थेट आला असावा, पायाला चिखल होता. तो तुकड्यांकडे बघत नव्हता. पोरीकडे बघत होता.

घरी कोणी ओरडलं नाही. खिम म्हणाला, "आ-पा, आम्ही काहीतरी करतो." आ-लायने विचारलं, "देवाने तीनदा सांगितलं ना?" खिम म्हणाला, "हो." "मग झालं," म्हणून तो मीठ ओढायला गेला. बोंग-योला त्या दिवशी कळलं की फितीवर नुसतं मीठ नाही. तिने कोळंबी सोलायला घेतली ती टोपली संपल्यावरही रिकाम्या बोटांनी सोलतच राहिली.

उत्सवाच्या आदल्या दुपारी दोघं भावंडं माझ्या गाडीवर आली. मला तिथेच पहिल्यांदा सगळं कळलं, कारण ती दोघं भांडायला लागली की बाजूला कोण आहे याचं भान ठेवत नसत.

"तेवढा भाग काप," खिम म्हणाला. "मी काप म्हणतोय, जाळ नाही म्हणत. पुन्हा जोडता येईल."

"देवाला कापलेलं दाखवायचं?" थो म्हणाली. "कोंबडासुद्धा डोकं-शेपटीसकट अख्खा लागतो त्याला. तूच शिकवलंस मला."

"कोंबड्याचं सांगू नकोस. तुला तो भाग हवाय. तुझ्या सिनेमात तेवढंच तर आहे."

"आपल्या सिनेमात."

"माझ्या नाही. मी तेव्हा यंत्र बंद करणार होतो. तू मान हलवली नाहीस."

थोच्या हातातली वाटी तशीच राहिली. मुगावरच्या बर्फाचं पाणी झालं त्यात. ती म्हणाली, "तूही थांबला असतास, आ-हिआ. माझी वाट कशाला बघितलीस?"

खिम उठला. पैसे ठेवून निघाला. मी परत दिले ते त्याने घेतले नाहीत.

दुसऱ्या संध्याकाळी पडदा ताणला. पहिला बाक देवाचा म्हणून रिकामा. तिंग-पेह दुसऱ्या बाकावर, पंखा घेऊन. यंत्रापाशी खिम, आणि त्याच्याजवळ जमिनीवर थो. बोंग-यो घरी राहिली. पडद्याच्या मागच्या बाजूनेही चित्र दिसतं, फक्त डाव्याचं उजवं झालेलं, तिकडे कुत्री आणि उशिरा आलेले लोक बसतात. माझी गाडी पडद्याच्या बाजूला होती, मला दोन्हीकडचं दिसायचं. आ-लाय पडद्यामागे आला आणि एकटाच उभा राहिला.

आधी तीन तारकादेवांची आशीर्वादाची छोटी फीत लावतात, ती लावली. मग मुलांचा सिनेमा सुरू झाला. पडद्यावर मिठागर आलं तसं लोक ओरडायला लागले. "अरे, ती माझी बैलगाडी!" "आ-लाय, पोट आत घे!" आ-लाय पेज पिताना फुर्र आवाज करतो तेव्हा पटांगणभर हसू. मी एकामागून एक वाट्या भरत होते. मला वाटलं, चाललंय, चांगलं चाललंय. थो गुडघ्यांना मिठी मारून बसली होती.

मग झोपडी आली. उंबऱ्यावर आ-लाय. थोचा आवाज, "आ-पा, तुम्ही आत का जात नाही?"

पटांगण अजून हसण्याच्या बेतात होतं. पडद्यावरचा आ-लाय म्हणाला, "आत आ-ग्वान होता."

हे तैपेईत लोकांनी वाचलं होतं. इथे ते त्याच्या आवाजात आलं, जो आवाज सगळ्यांनी बाजारात, मीठ मोजताना, स्मशानात ऐकलेला होता. आ-ग्वानबरोबर लहानपणी खेकडे पकडलेली माणसं तिथे बसली होती. तिंग-पेहचा पंखा थांबला.

"पाय काळा झाला होता," आवाज म्हणाला, आणि पडदा काळा झाला.

खिमने यंत्राच्या तोंडावर हात धरला होता. थांबवायचं नाही, ते पाप, म्हणून फीत चालूच होती, फक्त प्रकाश त्याच्या तळव्यात अडकला होता. बोटांच्या कडा लाल दिसत होत्या. पण आवाजावर हात कसा धरणार? अंधारात आ-लायचा आवाज पटांगणावर फिरत राहिला. टॉवेलचं सांगत होता. चित्र होतं तोवर लोक पडद्याकडे बघत होते, आता बघायला काहीच नव्हतं, म्हणून सगळे नुसते ऐकत होते. थो भावाचा हात ओढत होती की धरत होती, मला कळलं नाही.

तेवढ्यात पडद्यामागून तोच आवाज आला, जिवंत, कोरडा.

"आ-खिम, हात काढ."

कोणी हललं नाही.

"हात काढ म्हणतो. देव बघतोय."

खिमने हात काढला. पडद्यावर आ-लायचा चेहरा उजळला, मोठा, ओला, तोंड उघडं. आणि पडद्याच्या खालच्या काठाखाली, उजेडात, खऱ्या आ-लायचे पाय दिसत होते. रबरी चपला, पायाला भेगा, घोट्यापर्यंत मीठ. लोक वर बघायचे आणि खाली बघायचे. वर तो सांगत होता आ-ग्वानला कसं पुरलं ते, आणि खाली ते दोन पाय जोडून उभे, शाळेत शिक्षा झालेल्या पोरासारखे. सिनेमा संपून पडदा पांढरा झाला तरी पाय तिथेच होते.

लोक उठले आणि गेले. बोलले नाहीत, शिव्या दिल्या नाहीत, पोरांना हाका मारल्या तेवढ्याच. तिंग-पेह माझ्या गाडीसमोरून गेले, त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. खिमने पडदा उतरवला तेव्हा मागे कोणी नव्हतं. थो खाली बसून फीत गुंडाळत होती. इतक्या वर्षांची सराईत पोरगी, तिच्या हातून ती तीनदा निसटली.

पुढचे काही दिवस आम्ही सगळेच खाली बघून चाललो. बोंग-यो बाजारात गेली की तिच्या शेजारची जागा रिकामी होई. खिमचं लग्न शेजारच्या गावात ठरत आलं होतं. मुलीकडच्यांनी लग्न जुळवणाऱ्या बाईच्या हाती निरोप धाडला, घराण्यात तसला पाय असेल तर नको. डॉक्टर पाण्याचं सांगून दमले होते, तरी. ती मुलगी खिमला आवडत होती, हे मला माहीत होतं, कारण माझ्याच गाडीवर दोघं भेटायची. थोने तो निरोप ऐकला आणि ती तैपेईची गाडी धरायला निघाली. आ-लायने तिला दारात थांबवलं.

"परवापर्यंत थांब," एवढंच म्हणाला.

आमच्याकडे पुरलेल्या माणसाची हाडं काही वर्षांनी काढतात, स्वच्छ करतात, मडक्यात बसवतात आणि मग त्याला खरी जागा देतात. आ-ग्वानची काढायला कोणी जाऊ शकलं नव्हतं. जिवंत माणसाची हाडं कशी काढणार? आता गावाला कळलं होतं. आ-लायने देवळातून दिवस काढून आणला आणि हाडं काढणाऱ्याला बोलावलं. आम्ही घरचेच होतो. बोंग-योने पेज आणली होती, टोपलीखाली नाही, हातात.

आ-लायने थोला विचारलं, "कॅमेरा आणलास?"

"नाही," ती म्हणाली.

"बरं. छत्री धर."

हाडांवर ऊन पडू द्यायचं नसतं. थो काळी छत्री धरून दुपारभर उभी राहिली. सिनेमासाठी आवाज टिपायची दांडी धरायची तशीच, दोन्ही हातांनी, न हलता. खिम खाली उतरून माती काढत होता. हाडं पायापासून मांडायची असतात, माणूस मडक्यात बसलेला असावा तशी. हाडं काढणारा हातावर हाडं घेऊन मोजत होता आणि मध्येच थांबला.

"या पायाची बोटं कमी आहेत."

"ती आधीच गळली होती," आ-लाय म्हणाला.

तो माणूस "बरं" म्हणाला आणि पुढे मांडत गेला. पाटीवर नाव घालायला मृत्यूची तारीख विचारली तेव्हा आ-लायने क्षणही न घालवता सांगितली. बोंग-यो त्याच क्षणी तीच तारीख पुटपुटली. दोघांनी ती इतकी वर्षं न बोलता धरून ठेवली होती.

लोकांचं म्हणाल तर ते हळूहळू विसरले, किंवा विसरल्यासारखं वागले. तिंग-पेहनी एका पावसाळ्यात माझ्या गाडीवर बसून, कोणी विचारलेलं नसताना, त्यांच्या आत्याच्या पायाबद्दल सांगायला सुरुवात केली आणि अर्ध्यात सोडून दिलं. त्या दिवशी त्यांनी बर्फाचे पैसे दिले. पुढच्या वेळी पंच म्हणून ते उभे राहिले नाहीत, आणि काही वर्षांनी झोपेतच वारले.

खिम च्याई शहरात गेला, लग्नांचे व्हिडिओ काढायचं दुकान टाकलं. उशिरा लग्न केलं, दूर दक्षिणेतल्या बाईशी, पायाचं सगळं आधी सांगून. ती म्हणाली, "मला चालायला नवरा हवाय, नाचायला नाही." बरी होती ती बाई. पण थोच्या प्रत्येक सिनेमाला कॅमेरा त्याचाच राहिला. हिवाळ्यात दुकान बंद ठेवून तो बहिणीबरोबर जायचा. त्यांच्याबरोबर काम केलेली माणसं सांगतात, समोरचा माणूस "नको" म्हणाला की खिम थोच्या मानेकडे बघत नाही, सरळ भिंगावर हात ठेवतो. त्यावरून ती कधी त्याच्याशी भांडली नाही.

थो मोठी झाली. कोणाचं पाठबळ न घेता, भाड्याच्या खोल्यांतून, तिने बरेच सिनेमे केले, परदेशांत दाखवले. मुलाखतींत पहिल्या सिनेमाचं विचारलं की ती म्हणते, त्याची प्रत खराब झाली. प्रत खराब नाही. ती देवळात, ओंग-याच्या पालखीच्या कपाटात आहे. तिनेच आणून दिली आणि सांगितलं, देवाची आहे, पुन्हा लावू नका.

आ-लाय त्यानंतर झोपडीत जायला लागला. फावडी आत ठेवायचा. मिठागरं बंद पडली त्या सुमारास गेला, चांगला म्हातारा होऊन, दोन्ही पायांनिशी. बोंग-यो त्याच्या मागे पाच हिवाळे राहिली. दोघांची नावं आता आ-ग्वानच्या शेजारी आहेत. मी गाडी केव्हाच विकली. ते विजेचं यंत्र मात्र स्वयंपाकघरात आहे, नातवंडं त्यावर गोठवलेला आंबा किसून घेतात.

बापाच्या वर्षश्राद्धाला थो माझ्याकडे राहिली होती. केस पिकले होते तिचे. भांडी विसळता विसळता म्हणाली, "मावशी, तिसऱ्या कौलाला मी हसले होते. तू समोर होतीस. पाहिलंस ना?"

"पाहिलं," मी म्हणाले.

तिने नळ बंद केला. "आणि आ-पांनी?"

"ते मोठ्या पात्राच्या पलीकडे होते," मी म्हणाले. "केवढा धूर होता तेव्हा. धुरातून काय दिसतंय."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग तिने नळ पुन्हा सुरू केला आणि धुतलेलीच वाटी परत धुवायला घेतली.